रोज दुपारी बसणारा आवाज : एका शिक्षिकेच्या प्रश्नाला सविस्तर उत्तर

मध्य मुंबईतील मराठी माध्यमाच्या शाळेत २२ वर्षे शिकवणाऱ्या आणि डोंबिवलीहून रोज लोकलने ये-जा करणाऱ्या एका शिक्षिकेने आपली अडचण लिहून पाठवली आहे. सकाळी त्यांचा आवाज बरा असतो, तिसऱ्या तासाला तो घोगरा होऊ लागतो आणि पाचव्या तासापर्यंत शब्द फुटेनासा होतो. दिवाळीच्या सुट्टीत तो सुधारतो आणि शाळा उघडली की आठवड्याभरात पुन्हा बसतो. ज्येष्ठमध, मिठाच्या पाण्याच्या गुळण्या, हळदीचे दूध, थंड आणि आंबट वर्ज्य करणे, हे सारे पाच महिने करून झाले आहे. कान-नाक-घसा तज्ज्ञांनी दुर्बिणीतून पाहून दोन्ही स्वरतंतूंवर समोरासमोर बारीक गाठी असल्याचे सांगितले. आता शस्त्रक्रिया करावी का, आवाज कायमचा जाईल का आणि आषाढी एकादशीला भजनी मंडळात गावे की नाही, असे त्यांचे तीन प्रश्न आहेत.

बाई, मी मुंबईत २७ वर्षे वाक्-उपचारतज्ज्ञ म्हणून काम करतो आणि आवाजाच्या तक्रारी घेऊन माझ्याकडे येणाऱ्यांत शिक्षकांची संख्या सर्वांत मोठी राहिली आहे. आपण वर्णन केलेल्या गाठींवर पहिला उपचार शस्त्रक्रिया हा नसतो; आवाज वापरण्याची पद्धत बदलणे हाच पहिला उपचार असतो आणि बहुसंख्य रुग्णांना तेवढा पुरतो. मात्र ‘पद्धत बदला’ हे दोन शब्द कोणीही सांगू शकते आणि त्यांनी कोणाचाही आवाज सुधारत नाही. घशात नेमके काय घडते हे डोळ्यांसमोर उभे राहिले, तरच आपण वर्गात उभ्या असताना ऐनवेळी योग्य ते कराल, म्हणून थोडे मुळापासून सांगतो.

मानेच्या पुढच्या बाजूला घाटीवर बोट ठेवा. साप फुसकारतो तसा नुसता ‘स्’ लांबवा. बोटाला काहीही जाणवणार नाही. आता तोंड मिटून ‘म्’ लांबवा. बोटाखाली गुणगुण जाणवेल. ही गुणगुण म्हणजे आपले स्वरतंतू. ‘तंतू’ या शब्दाने सतारीच्या तारेसारखे काहीतरी डोळ्यांपुढे येते, पण प्रत्यक्षात त्या श्वासनलिकेच्या तोंडाशी पुढून मागे पसरलेल्या दोन मऊ घड्या आहेत. स्त्रियांमध्ये त्यांची लांबी साधारण १२ ते १७ मिलिमीटर आणि पुरुषांमध्ये १७ ते २५ मिलिमीटर असते, म्हणजे जेमतेम नखाएवढी. निसर्गाने त्यांना दिलेले मूळ काम बोलण्याचे नाही. घास किंवा पाणी श्वासनलिकेत जाऊ नये म्हणून दार बंद करण्याचे आहे. ठसका लागल्यावर, जड वस्तू उचलताना किंवा कुंथताना त्या घट्ट मिटतात ते त्यामुळेच. ही गोष्ट लक्षात ठेवावी, कारण आपण जेव्हा घाबरून, चिडून किंवा घाईने ओरडतो तेव्हा शरीर हीच घट्ट मिटण्याची जुनी सवय बाहेर काढते आणि बोलण्याच्या नाजूक कामाला दार लावण्याचा जोर लावते.

बोलताना या दोन घड्या एकमेकींजवळ येतात आणि फुप्फुसांतून वर येणारी हवा त्यांच्या मधून वाट काढते. हवेच्या दाबाने त्या उघडतात, आपल्या लवचीकपणामुळे आणि मधून वेगाने जाणाऱ्या हवेमुळे पुन्हा जवळ येतात, आणि हे चक्र स्त्रियांच्या नेहमीच्या बोलण्यात सेकंदाला साधारण २०० वेळा व पुरुषांच्या बोलण्यात १०० ते १३० वेळा घडते. मेंदू प्रत्येक कंपनासाठी वेगळी आज्ञा देत नाही. तो फक्त घड्यांना जवळ आणतो आणि त्यांचा ताण ठरवतो, बाकीचे काम हवा करते. घड्या ताणून लांब आणि पातळ झाल्या की सूर चढतो, आखूड आणि जाड झाल्या की उतरतो. हे जिवंत दृश्य आरशाच्या साहाय्याने नीट पाहून त्याचे वर्णन प्रथम केले ते मान्युएल गार्सिया या गायनशिक्षकाने, १८५४ साली, आणि तेही स्वतःच्याच घशात. वैद्यकातल्या इतक्या महत्त्वाच्या निरीक्षणाची सुरुवात एका गाणे शिकवणाऱ्या माणसाच्या कुतूहलातून झाली, याचे मला आजही अप्रूप वाटते.

आता आपल्या गाठींकडे येऊ. जपानच्या मिनोरू हिरानो यांनी १९७४ साली दाखवून दिले की स्वरतंतू हा एकसंध पट्टा नसून त्याला थर असतात. आत स्नायू, त्याच्यावर अस्थिबंधनाचा चिवट थर, आणि सर्वांत वर पातळ त्वचेखाली जेलीसारखा अत्यंत मऊ थर. आवाजातला गोडवा, स्वच्छपणा आणि हळुवारपणा या वरच्या थराच्या मऊपणावर अवलंबून असतो, कारण कंपनाची लाट त्याच्यावरूनच सरकते. दोन घड्या सेकंदाला दोनशे वेळा एकमेकींवर आपटतात तेव्हा सर्वांत जोराचा आघात कंप पावणाऱ्या भागाच्या मधोमध होतो. तिथे आधी सूज येते. आघात चालूच राहिला तर, कुदळ धरणाऱ्याच्या तळहाताला घट्टा पडतो तसा, तिथला थर जाड होऊ लागतो. दोन्ही बाजू एकाच ठिकाणी आपटतात म्हणून गाठी समोरासमोर येतात. त्या आल्या की घड्या पूर्ण मिटत नाहीत, मधून हवा निसटते, आवाज घोगरा आणि हवा मिसळलेला होतो, आणि तो ऐकू जावा म्हणून माणूस आणखी जोर लावतो. या फेऱ्यात आपण अडकला आहात.

या आघातांची संख्या किती असते, याचा साधा गुणाकार करून पाहू. आपले ३५ मिनिटांचे पाच तास धरले तर ती १७५ मिनिटे, म्हणजे १०,५०० सेकंद होतात. त्यातला तिसरा हिस्साच वेळ प्रत्यक्ष आवाज निघतो असे मानले तरी ३,५०० सेकंद होतात आणि त्यांना २०० ने गुणले की सात लाख आघात होतात. वर्गात आवाज चढवताना सूरही चढतो. तो सेकंदाला २७५ कंपनांपर्यंत गेला तर हीच संख्या साडेनऊ लाखांच्या वर जाते, आणि प्रत्येक आघात अधिक जोराचा असतो. सकाळी बरा असलेला आवाज तिसऱ्या तासाला का बिघडतो, याचे उत्तर या आकड्यांत आहे. सुट्टीत तो सुधारतो ही त्यातली आशेची बाजू आहे, कारण विश्रांतीने कमी होणारी गाठ अजून मऊ असण्याची शक्यता अधिक असते.

मग आपण इतका जोर का लावता? आपण लिहिले आहे की वर्गाच्या खिडक्या उड्डाणपुलाच्या बाजूला उघडतात, डोक्यावर चार पंखे फिरतात आणि समोर ५८ मुले असतात. गोंगाटात माणसाचा आवाज आपोआप चढतो आणि ते त्याच्या ध्यानातही येत नाही. फ्रान्समधील डॉक्टर एतिएन लोंबार यांनी १९११ साली ही गोष्ट नोंदवली आणि आज ती त्यांच्याच नावाने ओळखली जाते. मी शिक्षकांना ‘हळू बोला’ असे नुसते कधीच सांगत नाही, कारण कानांवर गोंगाट पडत असताना इच्छाशक्तीच्या बळावर हळू बोलणे जवळजवळ अशक्य असते. त्याऐवजी गोंगाट आणि अंतर या दोन गोष्टींशी झगडावे लागते. मोकळ्या जागेत अंतर दुप्पट झाले की आवाजाची पातळी सुमारे ६ डेसिबलने घटते. वर्गाच्या भिंतींमुळे ही घट थोडी कमी असते, पण तत्त्व तेच. फळ्यापाशी उभे राहून शेवटच्या बाकाला ऐकवण्यापेक्षा चार पावले चालत वर्गाच्या मध्यावर येणे स्वरतंतूंना फार स्वस्त पडते. मुलांना नीट समजण्यासाठी शिक्षकाचा आवाज गोंगाटापेक्षा साधारण १५ डेसिबलने वर असावा लागतो. उड्डाणपुलाकडच्या खिडक्या बंद ठेवून विरुद्ध बाजूच्या उघडणे, खडखडणारा पंखा दुरुस्त करून घेणे, मुले शांत होईपर्यंत बोलायला सुरुवातच न करणे, आणि शांततेसाठी टाळी, घंटा किंवा उंचावलेला हात यांपैकी एक खूण ठरवून घेणे, या उपायांनी गोंगाट खाली येतो आणि आवाज चढवण्याची गरजच कमी होते. फळ्याकडे तोंड करून बोलण्याची सवयही सोडावी. आवाज भिंतीकडे जातो आणि मुलांपर्यंत पोहोचवण्यासाठी आपण नकळत दुप्पट जोर लावता.

सर्वांत चांगला उपाय मात्र कमरेला लावण्याचा छोटा ध्वनिवर्धक आणि डोक्यावर बसणारा माईक हा आहे. तो हजार-दोन हजार रुपयांच्या आसपास मिळतो. अनेक शिक्षिकांना तो वापरण्याचा संकोच वाटतो. ‘मुले हसतील’, ‘मुख्याध्यापकांना आवडणार नाही’, ‘आमच्या बाई तर माईकशिवाय अख्खी शाळा गाजवायच्या’ असे त्या सांगतात. मी त्यांना विचारतो की दृष्टी अधू झाल्यावर चष्मा लावताना आपण असा संकोच करतो का? मुले पहिले दोन दिवस हसतात, तिसऱ्या दिवशी विसरतात. या एका गोष्टीबाबत मी आग्रही आहे, कारण माझ्या अनुभवात व्यायाम सोडून देणारे रुग्ण पुष्कळ आहेत, पण माईक सोडून देणारे फारच थोडे.

आपल्या पत्रातली एक ओळ कदाचित आपल्याला किरकोळ वाटली असेल: ‘गाडीत आमचा ग्रुप असतो, तेवढाच विरंगुळा.’ डोंबिवली ते दादर सुमारे तासाभराचा प्रवास, दोन्ही वेळचा मिळून दोन तास, आणि महिलांच्या डब्यातल्या गोंगाटात मैत्रिणींशी गप्पा. बाई, हा आपला सहावा आणि सातवा तास आहे, आणि तो वर्गापेक्षा अधिक गोंगाटात होतो. मैत्रिणी सोडा असे मी मुळीच म्हणणार नाही. या शहरात तो ग्रुप म्हणजे बायकांचे दुसरे माहेर असते. किमान परतीच्या प्रवासात मात्र आठ-दहा आठवडे ऐकण्याची बाजू आपल्याकडे घ्या आणि मैत्रिणींना त्याचे कारण स्पष्ट सांगा. त्याच आपल्याला बोलू देणार नाहीत.

आता घरगुती उपायांविषयी. घशातून उतरणारी कोणतीही गोष्ट स्वरतंतूंना स्पर्श करत नाही. गिळताना स्वरयंत्र वर उचलले जाते, त्यावर झाकण येते, घड्या मिटतात आणि घास मागच्या अन्ननलिकेत जातो; काही स्वरतंतूंवर पडलेच तर आपल्याला जोराचा ठसका लागतो. त्यामुळे ज्येष्ठमध, खडीसाखर, मध किंवा हळदीचे दूध यांनी घशाच्या वरच्या भागाला आराम मिळतो, लाळ सुटते, खवखव कमी होते, आणि हा आराम खरा असतो; पण गाठीपर्यंत त्यांतले काही पोहोचत नाही. गुळण्यांचेही तसेच. लवंग किंवा मेंथॉलच्या तीव्र गोळ्या मी टाळायला सांगतो, कारण त्या जाणीव बधिर करतात आणि दुखणे न कळल्यामुळे माणूस थकलेला आवाज अधिकच वापरतो. दही, चिंच, आइस्क्रीम यांनी आवाज बसतो या समजुतीला ठाम आधार नाही. एखाद्या पदार्थाने आपल्याला स्वतःला आम्लपित्त किंवा खोकला होत असेल तर तेवढा टाळावा. चहाचेही अति भय बाळगू नये.

पाण्याचे महत्त्व मात्र खरे आहे, फक्त ते वेगळ्या वाटेने काम करते. प्यालेले पाणी रक्तात शोषले जाऊन, मग ऊतींपर्यंत जाऊन, स्वरतंतूंवरचा द्राव पातळ ठेवते, आणि याला वेळ लागतो. तास सुरू होण्याच्या क्षणी गटागटा प्यालेले पाणी त्या तासाला फारसे कामी येत नाही. सकाळपासून थोडे थोडे प्यावे लागते. इथे मला शिक्षिकांची एक अडचण ठाऊक आहे, जी त्या सहसा बोलून दाखवत नाहीत: लांबचा प्रवास आणि शाळेतील स्वच्छतागृहाची अवस्था यांमुळे अनेक जणी दिवसभर मुद्दाम पाणी पीत नाहीत. ही गोष्ट मुख्याध्यापकांपुढे आरोग्याचा प्रश्न म्हणून मांडायला हवी, कारण तो आवाजाचा तर आहेच, मूत्रमार्गाच्या आरोग्याचाही आहे. वाफ मात्र श्वासाबरोबर थेट स्वरतंतूंपर्यंत जाते, म्हणून रात्री पाच-सात मिनिटे साध्या पाण्याची वाफ घ्यावी. त्यात मलम किंवा बाम घालू नये आणि चटका बसेल इतकी जवळ घेऊ नये.

आपण सतत खाकरता का, हे पत्रात नाही, पण मी पैजेवर सांगेन की खाकरत असाल. गाठीमुळे घशात काहीतरी अडकल्यासारखे वाटते, ते काढण्यासाठी माणूस खाकरतो, आणि खाकरणे म्हणजे दोन्ही घड्या जोराने एकमेकींवर घासणे. त्याने जागा आणखी सुजते आणि पुन्हा अडकल्यासारखे वाटते. खाकरण्याची उबळ आली की एक घोट पाणी प्यावे किंवा नुसता कोरडा घोट गिळावा. सकाळी उठल्यावर आवाज जड वाटणे आणि घशात कडवट पाणी येणे असे होत असेल तर रात्रीचे जेवण आणि झोप यांत तीन तासांचे अंतर ठेवावे. पोटातले आम्ल वर येऊन स्वरयंत्राच्या मागच्या भागाला दाह करू शकते. डोंबिवलीला साडेआठला पोहोचून दहाला जेवणाऱ्या घरात हे अवघड आहे, हे मान्य करूनच सांगतो. घसा बसल्यावर कुजबुजून बोलण्याचा सल्लाही अनेक जण देतात. जोर लावून केलेल्या कुजबुजीत स्वरयंत्र पुष्कळदा आवळले जाते, म्हणून कुजबुजण्यापेक्षा जवळ जाऊन मृदू आवाजात बोलणे बरे.

व्यायामांपैकी मी पहिल्याच दिवशी शिकवतो तो नळीचा. पेल्यात अर्धे पाणी घ्यावे, शहाळ्याबरोबर मिळते तशी नळी त्यात दोन-तीन सेंटिमीटर बुडवावी, ओठांनी ती सैलसर धरावी आणि ‘ऊ’ असा सोपा सूर काढत बुडबुडे आणावेत. बुडबुडे सलग आले पाहिजेत आणि गाल सैल राहिले पाहिजेत. मग तोच सूर हळूहळू वर आणि खाली न्यावा, शेवटी एखाद्या कवितेची चाल नळीतूनच म्हणावी. एका वेळी दोन मिनिटे, दिवसातून पाच-सहा वेळा, विशेषतः पहिल्या तासाआधी आणि मधल्या सुट्टीत. नळीचे तोंड अरुंद असल्यामुळे हवेचा थोडा दाब मागे स्वरतंतूंकडे परततो, तो त्यांना किंचित विलग ठेवतो आणि ते कमी आघाताने, पण पूर्ण कंपन करतात. अमेरिकेतील इंगो टित्झे यांनी यामागचे भौतिकशास्त्र विस्ताराने मांडले आणि आज जगभरचे उपचारतज्ज्ञ हा व्यायाम वापरतात. कागदी नळी पाच मिनिटांत मऊ पडते, म्हणून स्टीलची घ्यावी.

दुसरा व्यायाम आपल्या परंपरेला परका नाही. ओठ मिटून, दात विलग ठेवून, ‘म्’कार असा लांबवावा की ओठांना आणि नाकाच्या बाजूंना झिणझिण्या जाणवतील, भ्रामरी करणाऱ्यांना ही जाणीव ओळखीची असते. मग त्याच झिणझिणीत शब्द मिसळावेत: ‘मऽमाय’, ‘मऽमन’, ‘मऽमुंबई’. याचे कारण असे की स्वरतंतूंपाशी निघालेला मूळ ध्वनी अगदी बारीक असतो. घसा, तोंड आणि नाक यांच्या पोकळीत तो घुमतो तेव्हाच त्याला आपण आवाज म्हणतो. ही पोकळी नीट वापरली तर कमी जोरात आवाज लांब जातो. पाश्चात्त्य ऑपेरा गायकांच्या स्वरात ३००० हर्ट्झच्या आसपास ऊर्जा एकवटलेली असते आणि म्हणून तो वाद्यवृंदावरून पार जातो, हे स्वीडनचे योहान सुंडबर्ग यांनी १९७०च्या दशकात दाखवले. आपला कान नेमका त्याच पट्ट्यात सर्वाधिक तीक्ष्ण असतो. आपल्याकडेही प्रा. बा. र. देवधर यांनी ऑपेरा हाऊस भागातील आपल्या संगीत विद्यालयात राहून आवाजाच्या जोपासनेचा शास्त्रीय विचार फार पूर्वी केला. रियाज म्हणजे घसा घासून पक्का करणे, ही समजूत गायकांत खोल रुजलेली असताना त्यांनी केलेल्या त्या कामाची आठवण मला नेहमी होते.

श्वासाबद्दल इतकेच सांगतो की खोल श्वास घ्या, या सल्ल्याचा अनेक जण छाती फुगवणे असा अर्थ करतात आणि मान-खांदे आवळून बसतात. बरगड्यांचा खालचा घेर आणि पोट सहज पुढे आले पाहिजे, खांदे जागेवर राहिले पाहिजेत. याहून महत्त्वाचे म्हणजे वाक्ये आखूड करावीत. श्वास संपत आल्यावरही वाक्य पूर्ण करण्यासाठी उरलेले चार शब्द रेटण्याची शिक्षकांना सवय असते, आणि त्या चार शब्दांनाच सर्वाधिक किंमत मोजावी लागते.

आता शस्त्रक्रियेविषयी. भूल देऊन, सूक्ष्मदर्शकाखाली गाठ काढणे कुशल हातांत सुरक्षित असते. पण तो वरचा जेलीसारखा थर एकदा व्रणाने कडक झाला तर पूर्ववत करता येत नाही, आणि आवाज वापरण्याची पद्धत तीच राहिली तर गाठ पुन्हा येते. म्हणून आठ ते बारा आठवडे नीट वाक्-उपचार घ्यावेत, मग पुन्हा तपासणी करावी आणि तेव्हाही कडक गाठ उरली असेल व आवाज कामाला पुरत नसेल तर शस्त्रक्रियेचा विचार करावा. पुढची तपासणी शक्यतो स्ट्रोबोस्कोपीने करून घ्यावी. लुकलुकत्या प्रकाशात कंपनाची लाट संथ दिसते आणि गाठ मऊ आहे की कडक, ती खरोखर गाठ आहे की द्रवाची पिशवी, हे कळते. पिशवी असेल तर निर्णय बदलतो. उपचारांचा खर्च परवडत नसेल तर मुंबई सेंट्रलच्या नायर रुग्णालयात वाक्-श्रवण विभाग आहे, आणि वांद्रे रेक्लमेशनला १९८३ पासून अली यावर जंग यांच्या नावाची राष्ट्रीय वाक्-श्रवण संस्था आहे. तिथे वेळ काढून जावे लागेल, पण जावे.

आपण दुर्बिणीची तपासणी करून मगच विचारलेत, याचा मला मनापासून आनंद झाला, कारण सगळेच तसे करत नाहीत. काही वर्षांपूर्वी पन्नाशीतले एक गृहस्थ माझ्याकडे आवाजाचे व्यायाम शिकायला आले होते. आठ महिने आवाज घोगरा होता, तरुणपणापासून विडीचे व्यसन होते, आणि तोवर त्यांना गोळ्या आणि खोकल्याची औषधे यांपलीकडे कोणी काही सुचवले नव्हते. घसा पाहिल्याशिवाय मी व्यायाम सुरू करत नाही, म्हणून त्यांना आधी तपासणीला पाठवले. स्वरतंतूवर कर्करोग होता. स्वरतंतूंचा कर्करोग फार लवकर आवाज बदलतो आणि म्हणूनच तो सुरुवातीला सापडला तर बहुतेक रुग्ण बरे होतात. त्यांनी मात्र त्यातले आठ महिने गमावले होते. परळच्या टाटा स्मारक रुग्णालयात त्यांच्यावर उपचार झाले आणि ते आज हयात आहेत, पण सुरुवातीलाच आले असते तर आवाजाचे इतके नुकसान झाले नसते. तंबाखू, विडी, सिगारेट किंवा मिशरीचा वापर असलेल्या कोणाचाही आवाज तीन आठवड्यांहून अधिक काळ घोगरा राहिला तर स्वरयंत्राची तपासणी झालीच पाहिजे. गिळताना त्रास, श्वास लागणे, मानेत गाठ, थुंकीतून रक्त, किंवा ओरडल्याबरोबर एकाएकी आवाज जाणे, यांपैकी काहीही झाले तर तीन आठवडेही थांबू नये. डाव्या बाजूच्या स्वरतंतूची नस छातीत उतरून महारोहिणीला, म्हणजे हृदयातून निघणाऱ्या मुख्य रक्तवाहिनीला, वळसा घालून परत वर येते. त्यामुळे कधी कधी घोगऱ्या आवाजाचे कारण छातीत सापडते, घशात नाही.

आवाज कायमचा जाईल का, या आपल्या दुसऱ्या प्रश्नाचे उत्तर वरील मजकुरात आले आहे. आपल्या वर्णनावरून तसे भय बाळगण्याचे कारण दिसत नाही. महिनोन्‌महिने मौन पाळण्याचीही गरज नाही. पूर्ण मौन हे स्वरतंतूत रक्तस्राव झाला असताना किंवा शस्त्रक्रियेनंतरच्या काही दिवसांत लागते. आपल्याला लागते ती तासागणिक थोडी विश्रांती: शिकवण्याच्या मधे मुलांकडून वाचन करून घेणे, गटात काम देणे, मधल्या सुट्टीत दहा मिनिटे खरोखर गप्प बसणे.

राहिला भजनाचा प्रश्न. गाणे बंद करू नका, पण पेटीवाल्यांशी आधी बोला. मंडळात पुरुष असले की पेटी बहुधा त्यांना सोयीच्या काळी एक किंवा दोनमध्ये लागते, आणि त्या पट्टीत बायकांना अभंगाच्या चढत्या ओळी वरच्या टिपेत ताणून म्हणाव्या लागतात. आपल्यासारख्या आवाजाला खालच्या सप्तकातल्या काळी चारच्या आसपासची, किंवा सध्या त्याहूनही एखाद-दोन स्वर खालची पट्टी सोसेल. पट्टी बदलणे शक्य नसेल तर या वर्षी ध्रुवपदाला साथ द्या, टाळ हातात घ्या, अंतरा दुसऱ्यांना म्हणू द्या आणि टाळ-मृदंगाच्या गजरात आपला आवाज वर काढण्याचा प्रयत्न करू नका. निघण्यापूर्वी नळीचा व्यायाम करा आणि दुसऱ्या दिवशी सकाळी आवाज कसा आहे ते वहीत लिहून ठेवा. पुढच्या भेटीत आपल्या उपचारतज्ज्ञांना त्या नोंदीचा फार उपयोग होईल.